बुट्टीबेट बरोबर घेऊन

शनिवार : बेळगाव ते कारदगा

मे महिन्यात बेळगावहून फिरायला निघालेली माणसं आंबोलीला जातात, नाहीतर गोव्याला. आम्ही उलट्या दिशेनं, ऐन उन्हात, निपाणीकडं निघालो. कारण माझ्या भाचीला नद्या बघायच्या होत्या. तिच्या बेटावरच्या नद्या नीट वाहत नव्हत्या.

बेट वहीत आहे. भाकरीची बुट्टी पालथी घातल्यासारखा त्याचा आकार, म्हणून नाव बुट्टीबेट. ते कुठल्या समुद्रात आहे हे विचारायचं नाही. बेटावर सात गावं आहेत आणि एक राणी आहे, पण राणीच्या अंगणात सगळ्यांच्या शेळ्या येतात, त्यामुळं तिला कुणी फारसं भीत नाही. खजिना, चाचे वगैरे काही नाही. कायदा एकच : जमीन माणसांचं बघून वागते. दोन भाऊ बांधावरून भांडले की बांधाच्या जागी ओढा फुटतो, आणि भांडण जेवढं मोठं तेवढा ओढा रुंद. माहेरी निघालेल्या बाईची वाट आखूड होते, हप्ते वसूल करायला निघालेल्याची लांबत जाते. वर्गात पोरं कंटाळली की शाळेची टेकडी उंच उंच होते, गुरुजींना धाप लागते आणि सुट्टी द्यावी लागते.

"आणि खोटं बोललं तर?"

"डोंगर वीतभर शेजारच्या गावाकडं सरकतोय. लगेच."

लगेच, आणि ज्यानं केलं त्यालाच. बुट्टीबेटाचा सगळा डोलारा या दोन गोष्टींवर उभा. मला बेट आवडलं होतं, पण यातली कुठली गोष्ट आधी मोडणार याची उत्सुकताही होती.

काकती गेली, वंटमुरीचा घाट गेला, हत्तरगी, संकेश्वर, तवंदी. खिडकीतून बघून भाचीनं एक टेकडी वहीत घेतली, दुसरी नापास केली. निपाणीच्या स्टँडवर उतरल्यावर तंबाखूचा वास अजून येतो, पण पूर्वीसारखा नाकात बसत नाही. १९८१ साली तंबाखूच्या भावासाठी शेतकऱ्यांनी इथं महामार्ग अडवला होता, गोळीबार झाला होता. आता निपाणीतून पूर्वेला निघालं की दोन्ही बाजूंना ऊस, ऊस आणि ऊस. वडापच्या जीपमध्ये आमच्या मांडीवर कुणाची तरी कोंबडी होती, एवढंच त्या प्रवासाबद्दल.

कारदग्याला माझी मावशी. "आलीस काय गं, आणि ही कोण, एवढी वाढली?" इथपासून जेवणापर्यंतचं सांगत बसत नाही. संध्याकाळी मावसभावाबरोबर रानात गेलो. घराजवळचं रान हिरवंगार. ओढ्याकडचा तुकडा मात्र पांढरा. भाचीनं चपला काढल्या. वरचा थर पायाखाली कुरकुरत मोडायचा, आणि खालची माती काळी, ओलसर, तळव्याला चिकटणारी. वर मीठ आणि खाली पाणी, दोन्ही एकाच रानात. तिनं बोटानं थोडा थर उचलून जिभेला लावला.

"खारट!"

"मग? मीठफुटी म्हणतात त्याला," मावसभाऊ म्हणाला. "चोपण झालंय रान. ऊस लावला तर कोंब येतोय, हातभर वाढतोय, मग पिवळा पडून बसतोय."

कारण सगळ्या नदीकाठाला ठाऊक आहे. काळी भारी जमीन, तिच्यातून पाण्याचा निचरा सावकाश. नदीवर मोटार बसली, लिफ्टचं पाणी आलं, आणि वर्षभर उसाला पाट भरून पाणी दिलं. खालचं पाणी वर वर येत गेलं, बरोबर विरघळलेले क्षार घेऊन आलं. पाणी उन्हानं उडून गेलं, क्षार वरच राहिले. रानाच्या कडेला विलायती बाभूळ आणि लव्हाळा तेवढा सुखात. उपाय आहे : जमिनीखाली बारीक छिद्रांचे पाइप घालून पाणी काढून द्यायचं, ताग-धैंचा गाडायचा, काही वर्षं दम धरायचा. पण पाइपातलं पाणी शेवटी ओढ्यापर्यंत न्यावं लागतं, आणि मधे चार जणांची रानं. चौघं एका वेळी तयार झाले तर काम होतं.

"मोटार कुणी बसवली, काका?"

"आमच्या आजोबांनी. गावातल्या पहिल्या मोटारींतली. लोक बघायला यायचे."

"म्हणजे पाणी त्यांनी पाजलं आणि उत्तर तुम्हाला?"

मावसभाऊ हसला. "त्यांना कारखान्याचं बिल मिळालं की. ते पण उत्तरच."

रात्री वहीत 'लगेच' या शब्दावर पेन्सिलीनं बारीक काट मारलेली दिसली. खोडरबर वापरला नव्हता. अजून ठरत नव्हतं बहुतेक.

रविवार : दूधगंगा आणि कृष्णा

सकाळी उन्हाच्या आत कारदगा-भोज बंधाऱ्यावर गेलो. कोल्हापूर पद्धतीचा बंधारा : नदीत ओळीनं खांब, खांबांना खाचा, खाचांत बसवलेले बर्गे, आणि वरून जायला रस्ता. पावसाळा संपला की बर्गे घालायचे आणि पाणी अडवायचं. पाऊस यायच्या आत ते काढायचे, नाहीतर नदी स्वतः काढते आणि मग कुठं टाकते ते तिचं तिला माहीत. बर्ग्यांच्या फटींतून पाण्याच्या बारीक धारा उडत होत्या, वरच्या अंगाला हिरवं संथ पाणी, खालच्या अंगाला नुसती डबकी. पोरं खांबावरून उड्या मारत होती. जुलैत हाच बंधारा पाण्याखाली असतो. जत्राट-भिवशी, अकोळ-सिदनाळ, मलिकवाड-दत्तवाड, हे बंधारेही तसेच. वर काळम्मावाडीचं आणि पाटगावचं धरण भरलं, कोल्हापूरकडं चार दिवस पाऊस लागला, की "बंधारे पाण्याखाली" ही बातमी दरवर्षी येते. बातमीतला फोटो कधीचा आहे हे ओळखायचा आमच्या घरी खेळच असतो.

परत येताना वाटेत एका घराच्या भिंतीवर लाल रेघ आणि तिच्याखाली '२०१९'. भाचीनं हात वर केला, पोचला नाही. मावसभावानं तिला उचललं तेव्हा बोट टेकलं. त्या ऑगस्टमध्ये मावशीचं घर गळ्याएवढ्या पाण्यात होतं आणि म्हशी माळावरच्या शाळेत. २००५ चा पूर मोठा म्हणणारे आणि २०१९ चा मोठा म्हणणारे असे गावात दोन पक्ष आहेत. २०२१ वाले तिसरे, पण त्यांना कुणी मोजत नाही.

दुपारी मावसभावाच्या सासऱ्यांकडं, म्हणजे मामांकडं, यडूरच्या बाजूला. आधी वीरभद्राचं दर्शन, मग कृष्णेचा काठ. कल्लोळजवळ दूधगंगा कृष्णेला मिळते. राजापूर बंधाऱ्यावरून येणारं पाणी आणि सदलग्याकडून येणारं दूधगंगेचं पाणी यांची बेरीज म्हणजे कल्लोळची कृष्णा. पावसाळ्यात ही बेरीज रोज पेपरात येते, क्युसेकमध्ये. इथल्या शेतकऱ्यांना ती तोंडपाठ असते. दुसरं वाक्यही तोंडपाठ असतं : वर कोयना, खाली अलमट्टी, मधे आम्ही. अलमट्टीत सध्या ५१९.६ मीटरपर्यंत पाणी साठवतात. ते ५२४.२५६ पर्यंत न्यायला कृष्णा लवादानं २०१० मध्ये कर्नाटकाला परवानगी दिली, आणि तेव्हापासून सांगली-कोल्हापूरकडं त्या नुसत्या आकड्याचा धसका आहे. यडूरला बसून या वादात कुठल्या बाजूनं बोलायचं हा प्रश्नच असतो. राज्य कर्नाटक, सोयरीक महाराष्ट्रातल्या शिरोळात, आणि पाणी दोन्हीकडनं.

मामांची मळी, म्हणजे काठची गाळाची जमीन, नदीला लागून. मळीची वांगी कृष्णाकाठाबाहेर कुणाला फार माहीत नाहीत, हे खाणाऱ्यांचं नशीब. काठाशी गेलो तर काठच नव्हता. उभा कापलेला कडा, दोन पुरुष खोल, आणि कड्याच्या टोकाला करंजाचं एक झाड, अर्धी मुळं हवेत. समोरच्या तीरावर मात्र नवा गाळ लांबपर्यंत पसरलेला, त्यात कुणीतरी काकडी लावलेली.

"ते समोरचं माझं रान," मामा म्हणाले. "म्हणजे माझ्या रानातली माती. नदीनं हिकडचं नेलं आणि तिकडं नेऊन टाकलं. उताऱ्यावर क्षेत्र तेवढंच हाय, फाळा तेवढाच. रान तेवढं नाही."

भाची वही उघडून उभीच. "पण तुम्ही काय केलं होतं, मामाआजोबा?"

"मी? काय नाही."

"मग त्या समोरच्यांनी काय चांगलं केलं होतं?"

"त्यांनी पण काय नाही केलं, बाळ. नदी वळणावर हाय. बाहेरच्या अंगाला पाणी जोरात जातंय, काठ खातंय. आतल्या अंगाला पाणी मंद, तिथं गाळ बसतोय." मग थोडं थांबून, आवाज खाली आणून : "वरच्या अंगाला वीटभट्टीवाल्यांनी माती नेली, ते वेगळं. त्यानं वळण अजून मोडलं असंल. पण ते कुणी सांगायचं?"

बुट्टीबेटावर याला जागा नव्हती. नदी कुणाचंच न ऐकता फक्त वळणाचं ऐकते हे भाचीला पटेना. ती चिडली, वांग्याचं भरीत तिनं अर्धवट टाकलं, आणि संध्याकाळी मामांना सांगून आली की बेटावरच्या नद्यांना वळणं ठेवणार नाही, सरळ समुद्रात सोडणार. मामा म्हणाले, सोड, पण मग मळी कुठली आणि वांगी कुठली?

जेवताना सीमाप्रश्न निघाला. दोन मोठी माणसं बसल्यावर तो निघतोच, १९५६ पासून हेच चाललंय. बुट्टीबेटावर या भानगडीचं काय केलंय विचारलं तर उत्तर तयार होतं : मैलाचा दगड जो वाचतो त्याच्या भाषेत दिसतो. "आणि दोघांनी मिळून वाचला तर?" तिनं विचार केला. "मग दगडाला थोडा वेळ लागतोय." मला ही तिची सगळ्यांत चांगली कलमबंदी वाटते. बेळगावात पाट्यांवरून जे काही होत असतं ते बघता दगडाला वेळ लागणं फारच सौम्य आहे.

सोमवार : हिडकल, जुनं हुन्नूर

मावसभावानं त्याची ओम्नी काढली. चिकोडी-हुक्केरीकडून हिडकलला. घटप्रभा ही चंदगड-आजऱ्याच्या बाजूनं येणारी, ताम्रपर्णी आणि हिरण्यकेशी पोटात घेणारी नदी. हिडकलला तिच्यावर धरण. कागदावर नाव राजा लखमगौडा जलाशय, लोकांत हिडकलच. साठा ५१ टीएमसी. भिंतीवरून बघितलं तर मे महिन्यातही डोळ्यांत मावत नाही एवढं पाणी, पण त्याच्या कडेनं रुंद तांबूस पट्टा उघडा पडलेला : पाणी हटल्याची खूण.

आम्हाला बघायचं होतं त्या पट्ट्यातलं हुन्नूर. धरण झालं तेव्हा गाव उठलं. विठ्ठलाचं दगडी देऊळ तेवढं जागेवर राहिलं. पावसाळ्यात ते पाण्याखाली जातं आणि उन्हाळ्यात पाणी उतरलं की वर येतं, तेव्हा लोक दर्शनाला येतात. महामार्ग सोडला की पुढं पाट्या नाहीत, विचारत जावं लागतं, आणि ज्याला विचारावं तो हात लांब करून "हितंच" म्हणतो. शेवटचा टप्पा चालत, गाळाच्या भेगांवरून. सावली शून्य. पाणी भरपूर घ्या. आम्ही सकाळी अकराला पोचलो, ती वेळ वेड्यांची.

देऊळ लांबून साधं दिसतं. जवळ गेल्यावर कळतं की भिंतींना पाण्याच्या रेघा आहेत, एकीवर एक, पाणी टप्प्याटप्प्यानं उतरत गेल्याच्या. दगडांच्या सांध्यांत वाळलेलं शेवाळ अडकलेलं, बोट लावलं की भुगा. एका खांबाच्या खाचेत छोटे शिंपले. इतकी वर्षं पाण्यात बुडून, वर येऊन, परत बुडून ते उभं आहे. घडवणाऱ्यानं दगड दगडात काय बसवला असेल! आणि त्याच दगडावर खडूनं, कोळशानं, एके ठिकाणी खिळ्यानं नावं. जोडप्यांची, बाण काढलेली. पाण्यानं जे केलं नाही ते करायला माणसाला एक सुट्टीचा दिवस पुरतो.

देवळाभोवती घरांची जोती. ओळीत, म्हणजे गल्ली होती. भाची एका जोत्यावरून चालत कोपऱ्यापर्यंत गेली, वळली, दुसऱ्या जोत्यावर आली. दाराची जागा कुठली, चूल कुठं असेल, ती स्वतःशी ठरवत होती. थोडं पुढं गाळात कापून नेलेल्या पिकाचे बुडखे होते. पाणी हटलं की तेवढ्या महिन्यांत गाळपेर करून घेतात.

करड्या शेळ्यांमागं एक म्हातारे होते. "बर्री, बर्री," म्हणाले, देवळाच्या सावलीत जागा करून दिली. ते कन्नडातून बोलायचे, आम्ही मराठीतून. मधे विठ्ठल होता, काही अडलं नाही. त्यांचं घर देवळाच्या मागच्या बाजूला होतं. काठीनं जागा दाखवली. लग्न होऊन बायको याच घरात आली आणि पोरं नव्या गावात झाली. पहिल्या वर्षी पाणी आलं तेव्हा रोज काठावर येऊन बघायचे, कुठल्या पायरीपर्यंत आलं ते.

भाचीनं विचारलं, पाणी का आलं? मी भाषांतर केलं. म्हातारे म्हणाले, खालच्या लोकांना पाहिजे होतं. रागानं नाही, कुणी पत्ता विचारल्यावर सांगावं तसं.

"खालचे म्हणजे कोण, आत्ती?"

आता मला सांगावं लागलं. कालव्यांची रानं, गोकाकपासून पुढं बागलकोटच्या बाजूपर्यंत. आणि बेळगाव शहर. आमच्या शहराला राकसकोपचं पाणी पुरत नाही, म्हणून हिडकलचं येतं. दोन दिवसांआड, चार दिवसांआड, जेव्हा सुटेल तेव्हा. त्यावर आम्ही बोंबलतो, आणि घागरी भरून ठेवतो.

"म्हणजे आपल्या नळाला यांच्या घरावरचं पाणी येतंय."

"होय."

"आणि आपण काय केलं होतं?"

"तहान लागली होती," मी म्हटलं. दुसरं काही सुचलं नाही, आणि ते खोटंही नव्हतं.

तिथंच, देवळाच्या सावलीत, 'ज्यानं केलं त्यालाच' हे कलम गेलं. पेन्सिलीनं नाही, पेननं. तिनं त्याखाली बराच वेळ काही लिहिलं नाही, शेळीचं एक पिल्लू तेवढ्यात नकाशाचा कोपरा चघळून गेलं. बेटाचा आग्नेय किनारा आता कायमचा तुटका आहे. मग नवीन कलम आलं : बुट्टीबेटावर गाव उठवलं तर जमीनपण उठते. माणसं जिकडं जातील तिकडं मागनं चालत जाते, विहिरीसकट, जोत्यांसकट. रात्रीची चालते, म्हणजे वाटेतल्या लोकांना त्रास नको.

मी ते म्हाताऱ्यांना मोडक्या कन्नडात सांगितलं. ते खूप हसले. मग विचारलं, विहीर चालताना पाणी सांडत नाही का? भाचीनं तेही लिहून घेतलं. उत्तर प्रलंबित आहे.

मंगळवार : धुपदाळ, गोकाक, घरी

रात्र घटप्रभा गावात एका ओळखीच्यांकडं काढली. धुपदाळचा बंधारा १८९७ चा, इंग्रजांच्या काळातला. डावा कालवा इथूनच निघतो. बंधाऱ्यामागं पसरलेल्या पाण्यात बेटं आहेत, खरीखुरी, गवताची आणि बाभळीची. हिवाळ्यात तिथं कांड्या करकोच्यांचे थवे उतरतात. मे महिन्यात आम्हाला बगळे, म्हशी आणि एक टायर दिसला. पक्षी बघायचे तर डिसेंबर-जानेवारीत जा.

गोकाकचा धबधबाही या दिवसांत बघण्यात अर्थ नाही असं म्हणतात. मला तो कोरडाच आवडतो. १७० फुटांचा वालुकाश्माचा कडा, थर न् थर उघडा, मधून एक किरकोळ धार. पाणी असताना सगळे पाण्याकडं बघतात, दगड कुणी बघत नाही. कड्याच्या अंगाला गिरणी आणि खाली वीजघर. १८८७ साली या पडत्या पाण्यावर इथं वीज तयार झाली, म्हणजे हिंदुस्थानातल्या अगदी पहिल्यांपैकी. भाचीला वीजघर धबधब्यापेक्षा आवडलं. मला त्यात चालत्या जमिनीला घातलेलं जू दिसलं, पण ते मी मनातच ठेवलं. करदंट ही इथली मिठाई घेतली, डिंक कमी आणि गूळ जास्त निघाला.

परतीच्या बसमध्ये वाद. बुट्टीबेटावर पाटबंधारे खातं असावं की नसावं? माझं म्हणणं, जमीनच ऐकणारी असेल तर खातं कशाला. तिचं म्हणणं, जमीन ऐकते पण तिला पत्ता नीट कळत नाही, चुकीच्या घरी जाते, म्हणून कुणीतरी पाहिजे. साहेबाचं घर कुठं, यावर मात्र आमचं लगेच जमलं : जिथं पाणी आधी येणार तिथं, देवळाच्या मागच्या बाजूला.

कंडक्टर मागं उभे राहून ऐकत होते. २०२३ च्या जूनपासून कर्नाटकात बायकांना सरकारी बस फुकट आहे, तशी आम्हा दोघींची शून्य रुपयांची तिकिटं त्यांनी फाडून दिली आणि विचारलं, "बेटावर बस हाय काय, बाळ?"

"हाय की. बस भरली की रस्ता आपोआप रुंद होतोय, आणि खड्डे बुजतात."

"कंडक्टर?"

"अजून ठेवला नाही."

"मग अर्ज कुणाकडं द्यायचा?" त्यांनी विचारलं, आणि अंकलगीचा स्टॉप आला म्हणून घंटी मारली.